माझ्या अशिलाचं मत

दिवाळी अंकाच्या संपादकांनी फोनवर विषय दिला, "तुमचा राजकीय प्रवास." मी म्हटलं, प्रवासात माणूस कुठंतरी पोचतो. मी विरोधी बाकावर जाऊन बसले ती अजून तिथेच आहे. मधे एकदा आमचा पक्ष राज्यात सत्तेवर आला, पण नेमका तेव्हा आमच्या नगरपालिकेत हरला. पुढे पालिकेत आमचे लोक वाढले, तोवर राज्य गेलं होतं. संपादक म्हणाले, "मग तेच लिहा."

मी रायपूरच्या जिल्हा न्यायालयात वकिली करते आणि शहराच्या कडेला राहते, जिथे पालिका वेगळी आहे. पालिकेचं नाव देत नाही, माणसांची नावंही बदलली आहेत. कारण त्यातली निम्मी माणसं माझे अशील आहेत आणि उरलेली निम्मी माझ्या अशिलांविरुद्ध कोर्टात उभी आहेत. आमच्याकडे नगरसेवकाला पार्षद म्हणतात. मी बरीच वर्षं पार्षद आहे, तरी लोक मला वकील दीदीच म्हणतात. पार्षद पुष्कळ असतात, आणि जामिनाला ते उपयोगी पडत नाहीत.

वडील भंडाऱ्याकडून रेल्वेत फिटर म्हणून इकडे आले. क्वार्टरच्या भिंतीवर ज्यांचा फोटो होता त्यांच्या अंगात कोट होता, हातात पुस्तक होतं, आणि ते बॅरिस्टर होते हे आम्हा भावंडांना बाराखडीच्या आधी ठाऊक होतं. त्यामुळे मी वकील व्हायचं म्हटलं तेव्हा घरात कुणी दचकलं नाही. आई एवढंच म्हणाली, "हो वकील. पन घरात तशी बोलत जाऊ नोको." तेवढं मला जमलं नाही.

बाहेरच्यांना वाटतं, वकिली म्हणजे बोलणं. मुळात ती थांबण्याची नोकरी आहे. आपलं प्रकरण पुकारलं जाईल म्हणून सकाळपासून कोट घालून थांबायचं, शेजारी घाबरलेला अशील, त्याच्या शेजारी त्याचा जास्त घाबरलेला मेहुणा. दिवसभर दोघांना धीर द्यायचा आणि संध्याकाळी सांगायचं की पुढची तारीख मिळाली. विरोधी पक्षाचं कामही असंच आहे, फक्त तिथे तारीख मिळत नाही.

राजकारणात मी एका चादरीमुळे आले. आमच्या वस्तीत एका कारखान्याची काळी धूळ पडायची. गच्चीवर वाळत घातलेले कपडे संध्याकाळी पुन्हा धुवावे लागत. पाऱ्यातल्या बायका माझ्याकडे आल्या. आमच्याकडे मोहल्ल्याला पारा म्हणतात. मी एसडीएम साहेबांपुढे, म्हणजे तुमच्याकडच्या प्रांतांपुढे, अर्ज लावला. कारखान्याच्या वकिलांनी हवा शुद्ध असल्याचे जाड अहवाल आणले. मी एका बाईची पांढरी चादर नेली, दिवसभर गच्चीवर राहिलेली. साहेबांनी बाबूला ती उलगडायला सांगितलं. बाबूने उलगडली आणि मग कुठल्याच कागदाला हात लावेना. हात काळे झाले होते. कारखान्याने धूळ अडवणारं यंत्र बसवलं आणि बायकांनी मला निवडणुकीला उभं केलं. मी नको म्हटलं होतं. त्यांना वाटलं, सगळे आधी नकोच म्हणतात.

निवडून आल्यावर कळलं की वकिलाची जीभ राजकारणाच्या कामाची नाही. पहिल्याच सभेत मी म्हटलं, "अध्यक्षांनी या ठेक्यात कथित स्वरूपाचा गैरव्यवहार केल्याचं प्रथमदर्शनी दिसतं." पुढच्या रांगेतल्या काकांनी शेजाऱ्याला विचारलं, "चोरी किया कि नहीं किया?" शेजारी म्हणाला, "दीदी को पक्का नहीं मालूम." आमच्या पक्षाच्या लोकांनी त्यानंतर मला शेवटी बोलायला ठेवलं, म्हणजे गर्दी उठून गेल्यावर.

अटकेचं मात्र मला लवकर जमलं. आंदोलनातली अटक आधी ठरलेली असते हे बाहेर फार जणांना माहीत नसतं. ठाणेदार फोन करायचे, "दीदी, उद्या कितने बजे गिरफ्तारी देंगे?" मी म्हणायची, "दुपारनंतर ठेवा, सकाळी मला एक साक्षीदार तपासायचा आहे." एकदा मात्र घोटाळा झाला. पोलिसांनी सकाळीच धरलं आणि माझ्या अशिलाचा पुकारा झाला तेव्हा मी पोलीस लाइनच्या मैदानात पोहे खात बसले होते. अर्जात कारण लिहावं लागलं, "अधिवक्ता अटकेत असल्याने." न्यायाधीशांनी ते दोनदा वाचलं आणि तारीख दिली.

हे सगळं सांगून झालं. आता मंदाचं सांगते. माझ्या सगळ्या धंद्यात सांगण्यासारखं असं तेच आहे. तिची परवानगी घेतली आहे. ती म्हणाली, "लिहा ना दीदी. पन माझं मत बरोबर होतं, हेबी लिहा." ते पुढे येईल.

मंदा गोंदियाकडची. लग्न होऊन इकडे आली, सासर छत्तीसगढी. नवरा रामाधार. लोखंड-सिमेंटचं दुकान, आणि सत्ताधारी पक्षाचा पार्षद. पुढे त्याचा वॉर्ड महिलांसाठी राखीव झाला तेव्हा त्याने मंदाला उभं केलं. पोस्टरवर त्याचा फोटो दारभर, तिचा तिकिटाएवढा, खाली लिहिलेलं, "रामाधार भैया की धर्मपत्नी." ती निवडून आली आणि तो पालिकेत जाऊन बसू लागला. अशा माणसाला आमच्याकडे पार्षद-पती म्हणतात. हे पद कुठल्याही कायद्यात नाही, पण पालिकेत त्याला खुर्ची असते, चहा असतो आणि बाबू उठून उभे राहतात. आमच्या सभागृहात असे कितीतरी पती बसायचे. त्यांच्या बायकांपैकी काहींना मी शपथविधीनंतर पाहिलंच नव्हतं; हजेरीच्या वहीवर त्यांच्या सह्या घरूनच होऊन यायच्या.

मी विरोधी पक्षनेती होते. दर सर्वसाधारण सभेत मी उभी राहायची आणि म्हणायची, सभागृहात न निवडलेली माणसं बसली आहेत, त्यांना बाहेर काढा. अध्यक्ष म्हणायचे, "दीदी, भैया लोग पानी पीने आए हैं." दोन वर्षं भैया लोक पाणी पीत होते.

रामाधारबद्दल एक सांगितलं पाहिजे. तो कामाचा माणूस होता. वॉर्डातली कुठली नाली कुठे तुंबते, कुठला व्हॉल्व्ह कुणाच्या ओट्याखाली गाडला गेलाय, सगळं त्याला तोंडपाठ. त्याचा वॉर्ड माझ्या वॉर्डापेक्षा स्वच्छ असे. तेव्हा मी हे सभेत बोलत नसे.

एका दुपारी मंदा माझ्या ऑफिसात आली. हातात पंडरीच्या कापडबाजारातल्या दुकानाची पिशवी, दारात तिच्या नवऱ्याचा ड्रायव्हर. ती बसली, पिशवीतून साडीचं कापड काढून माझ्यापुढे पसरलं, आणि कापड दाखवत असल्यासारखी मराठीत म्हणाली, "त्या ड्रायव्हरले मराठी समजत नाई. म्हनून इथं आली. तुमच्याशी बोलाचं हाय."

मी म्हटलं, "थांबा. आधी हे सांगा, पार्षद म्हणून आलात की अशील म्हणून?"

"काय फरक हाय त्यात?"

"पार्षद म्हणून आलात तर जे सांगाल ते मी पुढच्या सभेत वापरीन. अशील म्हणून आलात तर कुणाला सांगणार नाही. माझ्या पक्षालाही नाही."

तिने कापडाची घडी नीट केली. मग म्हणाली, "अशील म्हनून."

माझा दोन वर्षांचा मुद्दा त्या एका वाक्याने माझ्या हातून गेला. मी ड्रायव्हरला चहा प्यायला खाली पाठवलं आणि वही उघडली.

तिने सांगितलं ते असं. पालिकेच्या इंजिनिअरने चुकून थेट तिच्या फोनवर फोन केला होता. नवी पाइपलाइन वरच्या गल्लीतून न्यायची की खालच्या? ती म्हणाली, खालच्या; तिथल्या बायका टँकरमागे पळतात. इंजिनिअरने "जी मैडम" म्हटलं आणि कामाला लागला. रामाधारने वरच्या गल्लीला शब्द दिला होता. त्याला कळलं तेव्हा त्याने सासूसमोर तिच्या थोबाडीत मारली आणि फोन काढून घेतला.

"पहिल्यांदाच मारलं?" मी विचारलं.

"नाई," ती म्हणाली. "पन आधी मी काई केलं नव्हतं. घरातलं काईतरी राहून जायचं, मी म्हनायची, जाऊ दे. या टायमाले मी बरोबर सांगतलं होतं. पाइप खालूनच जायले पाह्यजे होता." आणि मग तिने मला प्रश्न विचारला, "दीदी, कायद्यात सांगा. निवडून मी आली का तो आला?"

कोर्टात असे सोपे प्रश्न कुणी विचारत नाही. मी म्हटलं, "तुम्ही आलात."

"मंग तसं कागदावर लिहून आना ना."

मी तिला सरळ सांगितलं की माझ्यापेक्षा दुसरा वकील पाहा. आपण दोन वेगळ्या पक्षांतल्या, उद्या लोक म्हणतील विरोधकांनी फोडली. ती म्हणाली, "बाकी सारे वकील त्याले ओळखतेत. एकट्या तुमीच हाव ज्या त्याच्याशी भांडता."

कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्याखाली अर्ज तयार करायला घेतला. हा कायदा मी शेकडो वेळा वापरला होता. मारू नको, घराबाहेर काढू नको, असे आदेश त्यात मिळतात. त्यात एक ओळ आहे, जिच्याकडे सहसा कुणी बघत नाही, कारण आमच्याकडे येणाऱ्या बहुतेक बायकांना ती लागत नाही: त्रास देणाऱ्याला त्या बाईच्या नोकरीच्या ठिकाणी शिरायला न्यायालय मनाई करू शकतं. मी ती ओळ वाचली, चष्मा पुसला, परत वाचली. मंदाच्या कामाचं ठिकाण कोणतं? नगरपालिका. जो माणूस दोन वर्षं मला सभागृहातून काढता आला नव्हता, तो तिच्या अर्जावर निघू शकत होता. खोटं कशाला सांगू, मला फार आनंद झाला. त्यात अशिलाचा किती आणि माझा किती, याचा हिशेब मी केला नाही.

आणि याच सुमारास आमच्या पक्षाने अध्यक्षांविरुद्ध अविश्वास प्रस्ताव दिला.

अध्यक्षांवर त्यांचेच काही लोक रुसले होते. ते आमच्याकडे आले. ठराव मंजूर झाला तर नवी अध्यक्ष मी, असं ठरलं. बेरीज केली तर एक मत कमी पडत होतं. मतदान गुप्त असतं, पण बेरीज कधी गुप्त नसते. गोल बाजारात भांडी घ्यायला गेलेल्या माणसालाही ती सांगता येत होती.

आमच्या जिल्हाध्यक्षांना मंदा माझ्या ऑफिसात येऊन गेल्याचं कुठून तरी कळलं. ते स्वतः आले. दार लावून घेतलं.

"दीदी, वो आपकी क्लायंट है ना?"

मी म्हटलं, "कोण माझी अशील आहे ते मी सांगत नाही."

"मत बताइए. बस इतना बोल दीजिए उसको, काम हो जाएगा, वोट इधर."

"तसं बोलता येत नाही."

"आप पहले वकील हैं कि पार्टी की?"

"वकील," मी म्हटलं. "सनद आधी मिळाली."

ते हसले नाहीत. म्हणाले, "दीदी, अध्यक्ष आप बनेंगी. मैं नहीं."

हे खरं होतं आणि ते मला झोंबलं. लोकांना वाटतं, तत्त्वाने वागणाऱ्याला खुर्ची नको असते. मला हवी होती. इतकी वर्षं ओरडून झाली होती, एकदा तरी कागदावर 'मंजूर' असं लिहून बघायचं होतं. अध्यक्षांच्या दालनात कामासाठी गेले तेव्हा टेबल खिडकीकडे सरकवायला हवं, हेही मी मनात ठरवून आले होते.

मंदा पुढच्या वेळी आली तेव्हा मी तिला समोर बसवून सांगितलं, "तुमच्या मतात माझा स्वार्थ आहे. ठराव जिंकला तर मी अध्यक्ष होते. म्हणून मी तुम्हाला मताबद्दल एक अक्षर सांगणार नाही, तुम्हीही मला सांगू नका. तुमचा अर्ज त्याच्यावर अवलंबून नाही. समजलं?"

"हव," ती म्हणाली. इतकी वर्षं सासरी राहून होकार तेवढा छत्तीसगढी झाला होता. मग थोड्या वेळाने म्हणाली, "म्हनजे मले मताचं कोनीच नाई सांगनार?"

"मी तरी नाही."

"पैल्यांदाच हाय असं," ती म्हणाली. त्यात आनंद नव्हता. अंधारात पायरी शोधत असल्यासारखा आवाज होता.

रामाधारला कोर्टाची नोटीस गेली. दुसऱ्या दिवशी तो माझ्याकडे आला. आरडाओरडा करेल असं वाटलं होतं, पण खुर्चीच्या टोकावर बसला, हात गुडघ्यांवर.

"दीदी, लड़ाई आपकी-हमारी है. औरत को बीच में क्यों लाए?"

मी म्हटलं, "भैया, बीच में तो आप बैठे हैं. पार्षद वो है."

तो म्हणाला, "उसको क्या मालूम है वार्ड का? पच्चीस आदमी का नाम नहीं जानती. मैंने एक-एक नाली अपने सामने बनवाई है." त्याचे डोळे भरले होते. नालीसाठी डोळे भरलेला माणूस मी तो एकच पाहिला. बायकोला मारल्याबद्दल तो काहीच बोलला नाही. समोरच्या पक्षकाराशी मी असं बोलायला नको होतं. त्याला त्याच्या वकिलाकडे पाठवलं.

सुनावणी झाली. त्याचे वकील माझ्याच बरोबरीचे, चांगले. त्यांनी नेमका मुद्दा उचलला, "पार्षद ही नोकरी नाही, पद आहे. पालिकेला नोकरीचं ठिकाण म्हणता येणार नाही." मी म्हटलं, दरमहा मानधन तिथून मिळतं, हजेरी तिथे लागते, सभांना सतत गैरहजर राहिली तर पद जातं. याला काम म्हणायचं नसेल तर मग काय म्हणायचं? मॅजिस्ट्रेट तरुण बाई होत्या, नुकत्याच बदलून आलेल्या. त्यांनी थेट रामाधारला विचारलं, "आप वहाँ रोज़ किस हैसियत से बैठते हैं?"

रामाधारने प्रामाणिकपणे उत्तर दिलं, "मैडम, पति की हैसियत से."

मॅडमनी मान खाली घालून काहीतरी लिहिलं. त्याच्या वकिलांनी डोळे मिटून घेतले. मला तेव्हाच कळलं की आदेश मिळाला. संध्याकाळी अंतरिम आदेश हातात आला: पत्नीला मारहाण करू नये, तिचा फोन परत द्यावा, आणि पुढील आदेशापर्यंत नगरपालिका भवनात प्रवेश करू नये.

मंदाने तो कागद मला दोनदा वाचायला लावला. मग विचारलं, "आता मी घरी जाऊ?" मी म्हटलं, तेच घर तुमचं आहे, त्यातून कुणी काढू शकत नाही. ती गेली. मी तिला त्या दिवशी सांगायला हवं होतं की भीती वाटली तर फोन करा. सांगितलं नाही, कारण माझं डोकं अविश्वासाच्या ठरावात होतं, जो अजून झालाच नव्हता. रात्री तिनेच फोन केला. "फोन मिळाला," एवढं सांगायला. आवाज बरा होता.

अविश्वासाच्या मतदानाआधी आमच्याकडे पार्षदांना तीर्थयात्रेला नेतात. सत्ताधारी आपल्या माणसांना देवदर्शन घडवतात, विरोधक आपल्यांना, आणि मतदानाच्या सकाळी दोन बसगाड्या समोरासमोर येऊन थांबतात. पतींसह सगळ्या बायका निघाल्या. मंदा गेली नाही. पक्षाचा निरोप आला तर म्हणाली, माझी कोर्टाची तारीख आहे. तिच्या पक्षाने ठरवलं, ही फुटली. आमच्या पक्षाने ठरवलं, ही आली. जिल्हाध्यक्षांनी मला फोन करून आधीच अभिनंदन केलं. मी म्हटलं, "मला काही माहीत नाही." ते म्हणाले, "समझ गया, समझ गया." त्यांना काहीच समजलं नव्हतं, आणि मलाही खरंच काही माहीत नव्हतं. माझ्या मुलाने घरी पेढे आणून ठेवले होते. मी ते मागच्या कपाटात ठेवायला लावले.

मतदानाच्या दिवशी मंदा ई-रिक्षातून आली. एकटी. पालिकेसमोरच्या चहाच्या टपरीवर रामाधार बसला होता. आदेशाप्रमाणे तो आत येऊ शकत नव्हता, आणि त्याने तो मोडला नाही. ती त्याच्यासमोरून रस्ता ओलांडून आत गेली. पायऱ्यांवर तिच्या पक्षाचे लोक होते, आमचे होते, सगळे बाजूला झाले. तिने पदर नीट केला, शिपायाला विचारलं, "मतदान किधर है?" आणि त्याने दाखवलेल्या खोलीत गेली. दोन वर्षं पार्षद असलेल्या बाईला खोली विचारावी लागली.

मतमोजणी झाली. ठराव एका मताने पडला.

जिल्हाध्यक्ष माझ्याकडे बघत राहिले. शेजारची बस आनंदाने ओरडत होती. मी अधिकाऱ्यांनी दिलेल्या कागदावर सही केली.

पुढे काय झालं ते पटकन सांगते. गुप्त मतदान असल्याने कुणी कुणाला मत दिलं हे कुणालाच ठाऊक नव्हतं, म्हणून सगळ्यांनी आपापल्या सोयीने ठरवलं. आमच्या लोकांचं मत पडलं की मंदाने दगा दिला आणि मी तिला समजावलं नाही. तिच्या पक्षाचं मत पडलं की तिने आम्हालाच मत दिलं होतं, पण आमच्यातला कुणीतरी उलटा फिरला. दोन्ही पक्ष तिच्यावर चिडले. माझ्यावर एकच पक्ष चिडला, पण तो माझा होता. विरोधी पक्षनेतेपद काढून घेतलं. कारण दिलं, वकिलीच्या व्यापामुळे वेळ मिळत नाही. हे कारण लिहिलेलं पत्र टाइप करायला त्यांनी माझ्याच टायपिस्टकडे दिलं होतं, त्यामुळे मी ते त्यांच्या आधी वाचलं.

पुढच्या तारखेला मंदा आली. काम झाल्यावर उठली नाही.

"दीदी, सांगू का, मी कोनाले मत देलं?"

"नको."

"आता तर सारं झालं ना. आता काहून नाई?"

मला ऐकायचं होतं आणि नव्हतंही. मी गप्प राहिले. वकील गप्प राहिला की अशील बोलतो, हे मला तीस वर्षांत कळलं आहे.

"तुमच्या ठरावाले नाई देलं," ती म्हणाली. "आमच्या अध्यक्षालेच राहू देलं. तो काई चांगला मानूस नाई. पन तुमी अध्यक्ष झाल्या असत्या तर कोर्ट सोडलं असतं. सोडलं असतं का नाई?"

मी विचार केला. खिडकीकडचं टेबल आठवलं. "सोडलं असतं," मी म्हटलं.

"मंग माझी केस कोनी चालवली असती? अध्यक्ष कोनीबी होऊन जाते, दीदी. मले वकील पाह्यजे होती."

मी टेबलावरची पुस्तकं एकावर एक ठेवली. माझ्या आयुष्यात माझ्या बाजूने कुणी इतकं स्पष्ट मत दिलं नव्हतं, आणि ते माझ्याविरुद्ध होतं. त्या दिवशी घरी जाऊन मी कपाटातले पेढे काढले. वरची बाजू कडक झाली होती. तरी खाल्ले.

मंदा पालिकेत नियमित येऊ लागली. सुरुवातीचे महिने वाईट गेले. नाल्या तुंबल्या, लोक रामाधारकडे जायचे, तो टपरीवर बसून म्हणायचा, "मैडम से पूछो." सभेतून ती बाहेर आली की तो विचारायचा, "क्या हुआ अंदर?" ती म्हणायची, "अख़बार में आएगा." कुठला व्हॉल्व्ह कुठे आहे हे मात्र शेवटी तिने त्यालाच विचारलं, आणि त्याने दाखवलं. दोघं वॉर्डात पुढे-मागे चालताना मी स्वतः पाहिली आहेत, ती पुढे. खटला पुढे समेटावर संपला. त्याने कोर्टात लिहून दिलं की हात उचलणार नाही आणि पालिकेत पाऊल ठेवणार नाही. पहिलं तो पाळतो, असं ती सांगते. दुसरं तर सगळं गावच बघतं.

तिने सभागृहात पहिलं भाषण केलं ते माझ्या प्रस्तावावर. आठवडी बाजार शाळेजवळून हलवून तलावाकडे न्यावा, असा माझा प्रस्ताव होता, चांगला तयार केलेला, तीन कलमांचा. मंदा उभी राहिली. हिंदीत अडखळली, मग सरळ बोलायला लागली. म्हणाली, वकील दीदींनी कायदा वाचला, पण तलावाकडचा रस्ता नाही पाहिला. तिकडे दिवा नाही. भाजी विकणाऱ्या बाया अंधारात टोपल्या घेऊन घरी कशा येतील? आधी दिवे लावा, मग बाजार हलवा. प्रस्ताव फेटाळला गेला. रात्री मी त्या रस्त्याने गाडी घेऊन जाऊन पाहिलं. दिवा नव्हता.

पुढच्या निवडणुकीत तिचा वॉर्ड राखीव राहिला नाही. रामाधारने तिकीट मागितलं, त्याच्या पक्षाने मंदाला दिलं. आमच्या पक्षाने मला तिच्याविरुद्ध प्रचाराला पाठवलं. मी गेले, मनापासून बोलले, आणि ती निवडून आली. मीही माझ्या वॉर्डातून आले, नेहमीसारखी, विरोधी बाकावर.

आता मंदा अध्यक्ष आहे. तिने टेबल खिडकीकडे सरकवलेलं नाही. मी सुचवून पाहिलं. म्हणाली, उन्हात कागद पिवळे पडतात. दर सभेत मी उभी राहते, ठेक्यांवर बोलते, टँकरवर बोलते. ती घड्याळाकडे बघते आणि माइकवर, सगळ्या सभागृहापुढे, म्हणते, "वकील दीदी, आपका समय हो गया. बैठिए."

मी नियम दाखवते. ती तोच नियम मला पुढच्या ओळीपासून वाचून दाखवते. मग मी बसते.